रविवारी सकाळी ११: ‘सत्यमेव जयते’चं नेमकं काय झालं

मी मीडिया शिकवतो. दरवर्षी पोरांना एक केस देतो, एकच शो, सुरुवातीपासून शेवटापर्यंत, आणि विचारतो की हा चालला की पडला ते सांगा. गेली काही वर्षं केस एकच आहे, ‘सत्यमेव जयते’. कारण या प्रश्नाला दोन्ही उत्तरं पुराव्यासकट देता येतात आणि वर्गात मस्त भांडणं होतात. खाली लिहिलंय ते त्या भांडणांतून जमा झालेलं, थोडं माझ्या घरचं, थोडं मामाच्या गावचं. लांबलंय, चहा घेऊन बसा.

आधी ज्यांना आठवत नाही त्यांच्यासाठी. ६ मे २०१२ ला पहिला भाग लागला. रविवार, सकाळी ११. आमिर खानचा टीव्हीवरचा पहिलाच शो. स्टार प्लसवर आणि त्याच वेळी दूरदर्शनवर, शिवाय स्टार प्रवाहवर वगैरे, म्हणजे हिंदी, मराठी, बंगाली, तमिळ, तेलुगू, मल्याळम अशा भाषांत. कन्नडमध्ये डब झाला नाही कारण तिकडच्या फिल्म इंडस्ट्रीचा डबिंगलाच कडक विरोध होता. पहिल्या सीझनचे १३ भाग, २९ जुलै २०१२ ला संपला. मग दीड वर्षाहून जास्त गॅप. दुसरा सीझन २ मार्च २०१४ पासून, फक्त ५ भाग. तिसरा ५ ऑक्टोबर २०१४ पासून, ६ भाग. संपलं. चौथा आलाच नाही. १३, ५, ६, हे आकडे मी फळ्यावर लिहितो आणि पोरं लगेच म्हणतात, सर, पडला की!

थांबा. स्लॉटपासून सुरू करू, कारण माझ्या मते अर्धी केस स्लॉटमध्येच आहे.

स्टारला आमिर हवा होता तो गेम शोसाठी. साहजिक आहे, अमिताभ, शाहरुख, सलमान सगळे कुठल्या ना कुठल्या गेम शोच्या खुर्चीत बसून झाले होते. आमिरने नाही म्हटलं आणि उलट हा प्रस्ताव ठेवला, स्टारचे उदय शंकर तयार झाले. मग वेळेचा विषय निघाला. चॅनलवाला माणूस मोठा स्टार घेतो तो रात्री ९ साठी घेतो, तिथे जाहिरातीचा दर असतो. रविवार सकाळ म्हणजे तेव्हा टीव्हीची पडीक जमीन, जुने सिनेमे आणि बाबा लोक. आमिरला नेमकी तीच हवी होती, कारण डोक्यात रामायण-महाभारत. १९८७ च्या जानेवारीत रामायण सुरू झालं तेव्हा रविवारी सकाळी रस्ते ओस पडायचे, टीव्हीला हार घालायचे, हे माझ्या पिढीने डोळ्यांनी पाहिलंय. त्याला ती अख्ख्या घराने एकत्र बसायची वेळ परत हवी होती, आणि दूरदर्शन हवंच होतं, कारण केबल नसलेल्या घरात पोचायचं तर दुसरा रस्ता नव्हता. खाजगी चॅनलचा नवाकोरा महागडा शो त्याच मिनिटाला सरकारी चॅनलवर, हे तोवर कोणी केलेलं नव्हतं. टीव्हीच नीट पोचत नाही अशा काही गावांत पडदे लावून पहिला भाग दाखवला, त्यात आपल्याकडचं भिंगारा पण होतं.

आमच्या घरी काय झालं सांगतो. रविवारी ११ म्हणजे आमच्याकडे मटण शिजायची वेळ. आईचं वाटण घाटण चाललेलं, वडील पेपर पसरून, बहीण तिच्या लहान मुलीला घेऊन आलेली. टीव्ही चालू कारण आमिर आहे, काहीतरी करमणूक असेल. पहिलाच विषय स्त्रीभ्रूणहत्या. एक बाई समोर बसून शांतपणे सांगतेय की तिच्यावर तिच्या नकळत किती वेळा काय काय केलं गेलं, आणि आमिर मधे बोलतच नाहीये. आईने मिक्सर बंद केला. वडिलांनी पेपर बाजूला ठेवला नाही, पण पान उलटायचं थांबले, तासभर तेच पान. शो संपल्यावर कोणी काही बोललं नाही आणि जेवायला दीड वाजला. तो जो मिक्सर बंद झाला ना, ते म्हणजे स्लॉटचं काम. रात्री ९ ला आई किचनमध्ये आणि बहीण सासरी असती.

आता बनवण्याचा भाग. डायरेक्टर सत्यजीत भटकळ, आमिरचा शाळेपासूनचा दोस्त, आधी वकील होता, लगानच्या मेकिंगवर डॉक्युमेंटरी केलेला माणूस. रिसर्चला जवळपास दोन वर्षं दिली. चॅट शो म्हटलं तर रचना साधीच होती, गोल बसलेलं ऑडियन्स, मधे सोफा, एक पाहुणा, एक होस्ट. पण नेहमीच्या चॅट शोमध्ये पाहुणा फेमस असतो आणि होस्ट त्याला बोलतं करतो, इथे उलटं, फेमस माणूस फक्त ऐकणार आणि ज्याला कोणी ओळखत नाही तो बोलणार. ही उलटापालट हाच या शोचा खरा फॉरमॅट. भाग कसा रचायचे तेही बघा: आधी एकट्या माणसाची गोष्ट, मग दुसरी तशीच गोष्ट वेगळ्या राज्यातली म्हणजे तुम्हाला “आमच्यात नसतं असलं काही” म्हणायला जागा उरू नये, मग आकडे, मग एखादा तज्ज्ञ किंवा अधिकारी, मग ज्याने काहीतरी करून दाखवलंय तो माणूस, मग आमिर कॅमेऱ्याकडे वळून एक मागणी करणार आणि त्यावर हो-नाहीचा एसएमएस, शेवटी राम संपतचं गाणं. पहिल्या भागात ‘करून दाखवलेला’ माणूस होता पंजाबातल्या नवांशहरचा कलेक्टर कृष्ण कुमार, ज्याने गरोदर बायकांची नोंद ठेवून पाठपुरावा केला. हे मला शोमधलं सगळ्यात शहाणपणाचं वाटतं. रडवून सोडून दिलं नाही, एक नाव, एक जागा, एक पद्धत दिली.

रडण्याबद्दल मात्र माझी तक्रार आहेच. ऑडियन्समधल्या रडणाऱ्या बायकांचे क्लोजअप इतके यायचे की नंतर नंतर मला ते मोजायची सवय लागली. आमिर डोळे पुसतोय, कट, कॉलेजची पोरगी डोळे पुसतेय, कट, मग ब्रेक, आणि ब्रेकमध्ये मोबाईल कंपनी नाहीतर पाण्याचं फिल्टर. दहा सेकंदांच्या जाहिरातीला १० लाखांच्या आसपास दर आणि आमिरला भागामागे ३ कोटी, असे आकडे तेव्हा पेपरात यायचे आणि त्यावरून टोमणेही भरपूर, दुःख विकतोय म्हणून. वर्गात हा मुद्दा निघाला की अर्धा तास जातो. मी एवढंच म्हणतो की फुकट बनवला असता तर दूरदर्शनच्या दुपारच्या कृषी कार्यक्रमाशेजारी लागला असता आणि आपण आज त्यावर बोलत नसतो. रेटिंगचं म्हणाल तर पहिल्या भागाला सहा मोठ्या शहरांत ४ च्या आसपास टीव्हीआर (किती लोकांनी पाहिलं त्याचं माप) होता, रविवार सकाळच्या मानाने भारी, पण ज्या लेव्हलचा गाजावाजा केला होता त्या मानाने फार काही डोळे विस्फारायला लावणारा नव्हे.

आता मुख्य प्रश्न. शो लागला, लोक रडले, पुढे काय?

मी पोरांना १३ विषयांची यादी देतो आणि प्रत्येकासमोर लिहायला सांगतो, दुसऱ्या रविवारपर्यंत काय हललं. भ्रूणहत्या, मुलांवरचे लैंगिक अत्याचार, हुंडा आणि लग्नातला खर्च, डॉक्टरी धंदा, ऑनर किलिंग, अपंगत्व, घरातली मारहाण, कीटकनाशकं, दारू, अस्पृश्यता, म्हातारपण, पाणी, आणि शेवटी भारत म्हणजे काय असा एक समारोप. यादी भरताना पोरांच्या लक्षात येतं की काही रकाने भरभरून वाहतात आणि काही कोरेच राहतात, आणि त्याचा भाग किती चांगला झाला होता याच्याशी फारसा संबंध नाही.

पहिला भाग घ्या. मीना शर्मा आणि श्रीपाल शक्तावत या दोन पत्रकारांनी काही वर्षं आधीच राजस्थानात स्टिंग केलं होतं, शंभरच्या वर डॉक्टर लिंगतपासणी आणि गर्भपाताला तयार होताना कॅमेऱ्यात पकडले होते. केसेस झाल्या, आणि वेगवेगळ्या कोर्टांत पडून राहिल्या, ते दोघेच तारखांना फेऱ्या मारत बसले. शोनंतर तीन-चार दिवसांत आमिर जयपूरला जाऊन मुख्यमंत्री अशोक गेहलोतांना भेटला आणि या केसेस फास्ट ट्रॅकवर नेण्याचं आश्वासन मिळालं. म्हणजे बघा, काम सगळं आधीच झालेलं होतं. पुरावा तयार, केस दाखल, भांडणारी माणसं जिवंत आणि जिद्दीची. कमी होता तो फक्त धक्का. आमिरने तो दिला.

आपल्याकडचं चित्र याच्या शेजारी ठेवा. २०११ च्या जनगणनेत महाराष्ट्रात सहा वर्षांखालच्या दर १००० मुलांमागे ८९४ मुली, बीड जिल्ह्यात ८०७. आणि पहिला भाग लागल्यानंतर बाराव्या दिवशी, १८ मे ला, परळीत एका डॉक्टर दांपत्याच्या हॉस्पिटलात बेकायदा गर्भपात करताना एक बाई गेली. त्यांच्याबद्दल आधीपासून ओरड होती, तरी दवाखाना चालू होता. त्या मे-जूनमध्ये परळी हे नाव रोज हेडलाईनला. ते प्रकरण शोमुळे बाहेर आलं असं मी म्हणणार नाही, बाईच्या जिवामुळे बाहेर आलं. पण महिनाभर आधी घडलं असतं तर पान सातवर दोन इंच बातमी आली असती, असं मला राहून राहून वाटतं, आणि यावर माझ्याशी वाद घालणारे पण आहेत. दोघांना शिक्षा व्हायला २०१९ उजाडलं, बीडच्या कोर्टाने १० वर्षं दिली.

दुसरा भाग, १३ मे. मुलांवरचे लैंगिक अत्याचार. हा एकच भाग मी आजही वर्गात अख्खा दाखवतो. सुरुवातीलाच आमिर सांगतो की लहान मुलं समोर असतील तर आधी तुम्ही बघा मग त्यांना दाखवा. सरकारचाच २००७ चा अभ्यास होता की ५३ टक्के मुलांनी कुठल्या तरी प्रकारचा अत्याचार सोसल्याचं सांगितलं, आकडा ऐकून खोली थंड पडते. त्यात हरीश अय्यर येतो, स्वतःवर वर्षानुवर्षं काय झालं ते सांगतो, आणि त्या सगळ्यात श्रीदेवीच्या सिनेमांनी कसं सावरलं तेही. मग श्रीदेवी स्वतः येते, शेजारी बसते. यात स्टारपॉवरचा वापर आहे, उघड आहे, पण कुठेही चीप वाटत नाही. आणि शेवटचा तुकडा म्हणजे आमिर जमिनीवर बसून छोट्या पोरांची कार्यशाळा घेतो. एक चित्र दाखवून, इथे छातीवर, पायांच्या मधे आणि मागे, या तीन जागी कोणी हात लावला तर काय करायचं? ओरडायचं. मग पळायचं, सेफ जागी. आणि मग ज्याच्यावर तुमचा सगळ्यात जास्त विश्वास आहे त्याला सांगायचं. बस. पोरं हसत खेळत उत्तरं देतायत. माझ्या बहिणीने भाचीला तो तुकडा नंतर चार वेळा दाखवला, आणि पुढे महिनाभर भाची घरात कोणीही गालगुच्चा घेतला तरी बेंबीच्या देठापासून ओरडायची, आजोबा हैराण.

आणि कायदा? मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धच्या पॉक्सो कायद्याचं बिल १० मे ला राज्यसभेत, २२ मे ला लोकसभेत पास झालं. दोन्हीच्या बरोबर मधे हा भाग. ‘आमिरने कायदा आणला’ असं फॉरवर्ड तेव्हा फिरायचं, ते साफ चूक, बिल आधीच्या वर्षीच संसदेत आलेलं होतं. इथेही तेच, तवा तापलेला होता.

आता चौथा भाग, २७ मे, डॉक्टरी धंदा. हा तुफान गाजला. कट प्रॅक्टिस म्हणजे पेशंट पाठवल्याबद्दल डॉक्टरने घेतलेलं कमिशन, नको असलेली ऑपरेशन्स, औषधांचे भाव. राजस्थानात जेनेरिक औषधांचं काम करणारे डॉ. समित शर्मा त्यात होते, तेच ते, ‘करून दाखवलेला माणूस’. इंडियन मेडिकल असोसिएशन भडकली, माफी मागा म्हणाली, आमिरने साफ नकार दिला. जूनमध्ये तो संसदेच्या स्थायी समितीसमोर औषधांच्या विषयावर बोलायला गेला, नट कमिटीसमोर, त्याचीच मोठी बातमी. आमच्या फॅमिली डॉक्टरांनी मात्र त्या आठवड्यात माझ्या वडिलांना तपासता तपासता विचारलं, “काय काका, बघितलं का रविवारी? आता मी पण चोर का?” वडील म्हणाले, “तुम्ही नाही हो, तुम्ही ज्याच्याकडे पाठवता तो.” डॉक्टर हसले पण खरे हसले नाहीत. या भागाने भांडण जेवढं पेटवलं तेवढं पदरात काही पडलं नाही असं माझं मत, कारण या विषयात एक केस, एक बिल, एक कमिटी असं धरायला काही नव्हतं, अख्खी सिस्टीम होती. आणि सिस्टीमला एसएमएस पाठवता येत नाही.

हुंडा, घरातली मारहाण, म्हातारपण, हे भाग बघून लोक हळहळले आणि विसरले. दारूच्या भागात जावेद अख्तर स्वतःच्या पिण्याबद्दल फार मोकळं बोलले, तेवढं आठवतं. अस्पृश्यतेच्या भागात बेझवाडा विल्सन होते, हाताने मैला उचलायच्या कामाविरुद्ध कित्येक वर्षं लढणारे. तो भाग ८ जुलैचा, आणि १६ जुलैला आमिर पंतप्रधान मनमोहन सिंगांना भेटला त्याच विषयावर, २०१३ मध्ये नवा कायदा झाला. कायद्याचं काम आधीपासून चालू होतं आणि विल्सन तर कधीचे. कायद्यानंतरही गटारात माणसं मरतायतच, हा भाग वेगळा. की वेगळा नाही? पोरांना विचारतो, गप्प बसतात.

तर माझं म्हणणं असं की शो हा पेटीतली काडी होता. जिथे कोणीतरी आधीच लाकडं रचून ठेवली होती तिथे चूल पेटली. जिथे नव्हती तिथे काडी जळली, बोट भाजलं, संपलं. आणि फॉरमॅटची अडचण अशी की दर रविवारी नवी काडी. परवाच्या रविवारचा विषय या रविवारच्या विषयाने पुसला जायचा. सोमवारी ऑफिसात मुलांच्या सुरक्षिततेवर बोलणारे लोक पुढच्या सोमवारी लग्नाच्या खर्चावर बोलायचे, त्याच तळमळीने, आणि तेच लोक डिसेंबरात भाच्याच्या लग्नात घोड्यापुढे नाचायचे. मी पण नाचलोय.

बनवणाऱ्यांना हे कळलं असावं, असं पुढच्या सीझनकडे बघून वाटतं. २०१४ मध्ये त्यांनी एका दमात १३ भाग केले नाहीत, मार्चात पाच आणि ऑक्टोबरपासून सहा असे हप्ते पाडले. मार्चच्या हप्त्यात बलात्कार, पोलीस, कचरा, भ्रष्टाचार आणि राजकारणातले गुन्हेगार, म्हणजे लोकसभा निवडणुकीच्या तोंडावर सगळा रोख सिस्टीमवरच. ऑक्टोबरमध्ये रस्त्यावरचे अपघात, टीबी, समलैंगिक आणि ट्रान्स लोक, शेवटचा भाग मर्दानगीवर. तिसऱ्या सीझनला भागानंतर एक तास लाइव्ह, ‘मुमकिन है’, लोकांचे फोन घ्यायचे, म्हणजे विषय लगेच सुटू नये. तिसऱ्याची सुरुवात नागपूरने झाली, विजय बारसे सरांचं झोपडपट्टी फुटबॉल. पुढे त्यांच्यावर नागराज मंजुळेंनी ‘झुंड’ केला, पण टीव्हीवर देशाने त्यांना इथे पाहिलं.

तोवर हवा बदललेली होती पण. २०१२ मध्ये व्हॉट्सॲप आमच्या सोसायटीत दोघांकडे होतं, २०१४ मध्ये सगळ्यांकडे. आणि मार्च २०१४ मध्ये मेसेज फिरायला लागला की एसएमएसचे पैसे ‘ह्युमॅनिटी ट्रस्ट’ नावाच्या संस्थेला जातात आणि ती मशिदी बांधते. आमच्या ग्रुपवर पण आला, शिकलेल्या माणसाकडून आला. खरी ह्युमॅनिटी ट्रस्ट म्हणजे कोलकात्याजवळचं हॉस्पिटल, सुभासिनी मिस्त्री नावाच्या बाईंनी उभं केलेलं. नवरा उपचारांविना गेला म्हणून या बाईंनी धुणीभांडी केली, भाजी विकली, वर्षानुवर्षं पैसे साठवले आणि गरिबांसाठी दवाखाना काढला. २०१८ मध्ये पद्मश्री मिळाली त्यांना. नाव सारखं असलेली दुसरी संस्था शोधून कोणीतरी मेसेज बनवला होता. आमिरला मुंबई पोलिसांत तक्रार द्यावी लागली. मी ग्रुपवर भाजीवाल्या मावशींची गोष्ट टाकली, त्यावर दोन अंगठे आले आणि तिसऱ्याने तोच मशिदीवाला मेसेज परत टाकला. ज्या शोचा पाया ‘अख्खं घर एकत्र बसून ऐकणार’ हा होता त्याला आता प्रत्येकाच्या हातातल्या वेगळ्या स्क्रीनशी झुंजायचं होतं. मिक्सर बंद व्हायचे दिवस गेले.

इथे बहुतेक पोरांचा निबंध संपतो. पण माझ्या हिशोबात केस इथून पुढे सुरू होते.

पहिल्या सीझनचा बारावा भाग पाण्यावर होता, २२ जुलै २०१२. त्यात आपले हिवरे बाजारचे पोपटराव पवार होते. भाग म्हणून फार कोणाला आठवत नाही, रडारड नव्हती ना. आणि तरी, सगळ्या विषयांतून त्या टीमने पुढे स्वतःसाठी उचलला तो हाच. २०१६ मध्ये पाणी फाउंडेशन निघालं, आमिर, किरण राव, रीना दत्ता, आणि भटकळ त्याचे सीईओ. देशभराऐवजी एक राज्य. तेरा विषयांऐवजी एक. एसएमएस नाही, स्पर्धा, ‘सत्यमेव जयते वॉटर कप’. पहिल्या वर्षी फक्त तीन तालुके, वरूड, अंबाजोगाई आणि कोरेगाव, ११६ गावं. पहिला नंबर कोरेगावच्या वेळूचा, ५० लाख. पुढच्या वर्षी ३० तालुके, वर्ध्यातलं काकडदरा पहिलं. मग ७५ तालुके, माणमधलं टाकेवाडी. मग २०१९ ला ७६, बार्शीचं सुर्डी.

माझ्या मामाचं गाव कोरेगाव तालुक्यातलं. नंबर वगैरे काही आला नाही. पण मे २०१६ मध्ये मी तिथे गेलो होतो दोन दिवस, आणि रात्री साडेनऊला मामा म्हणाला, “चल, चर खांदायला.” मला वाटलं मस्करी करतोय, मामाला मी जन्मात घमेलं उचलताना पाहिलं नव्हतं. डोंगराच्या उतारावर पन्नास-साठ माणसं, दिवसा ऊन लागतं म्हणून रात्री, डोक्याला बॅटऱ्या बांधून, टिकाव खोरी घेऊन. गावातली पाच जणं ट्रेनिंगला जाऊन आलेली, त्यात मामाची सून एक, आणि ती हायड्रोमार्कर धरून सासऱ्याला सांगतेय, “मामंजी, लेव्हल नाही आली, अजून चार बोटं डावीकडे.” हायड्रोमार्कर म्हणजे काही मोठं यंत्र नव्हे, दोन उभ्या पट्ट्या आणि मधे पाण्याची नळी, दोन्हीकडे पाणी एका रेषेत आलं की ती समपातळी, तिथे चुना टाकायचा आणि खणायचं. पाऊस पडला की पाणी पळत नाही, चरात थांबतं, मुरतं. सलग समतल चर. इंग्रजीत सीसीटी, गावात सगळे ‘शीशीटी’ म्हणायचे. ज्या भावकीत वीस वर्षं बांधावरून बोलणं नव्हतं ते एकाच चरात पाठीला पाठ लावून खणत होते. बोलत नव्हतेच तेव्हाही, पण घमेलं पुढे सरकवत होते. माझ्या तळहाताला दहा मिनिटांत फोड आले आणि सुनेने मला चुना टाकायच्या हलक्या कामावर बढती दिली.

याच्यावरही टीका आहे आणि ती खरी आहे. मुरवलेलं पाणी काढायला किती बोअर पडले आणि त्यावर ऊस किती लागला, हा हिशोब चर खणून सुटत नाही. मशीनने नाला खोल करत सुटणं म्हणजे पाणलोटाचं काम नव्हे, हे अभ्यासक लोक तेव्हाच सांगत होते. मामाच्या गावात २०१७ चा उन्हाळा विनाटँकर गेला, त्याचा आनंद सगळ्यांना, आणि त्याच आनंदात चार जणांनी ऊस लावला. पुढे फाउंडेशन गट शेतीकडे, तिच्या फार्मर कप स्पर्धेकडे वळलं, त्यामागे हे कोडं असणार असा माझा कयास.

तरी पहिल्या सीझनमध्ये ज्या गोष्टीची कमी होती ती इथे भरून निघाली. काडी टाकणाऱ्यांनीच आता लाकडं पण रचायला घेतली. टीव्ही सुटला नव्हता, ‘तुफान आलंया’ मराठी चॅनलवर यायचं आणि गावोगाव लोक आपलं गाव दिसतंय का बघायचे, पण क्रम उलटा झाला होता. आधी काम, मग त्याचा एपिसोड. याच टीमने २६ जानेवारी २०१९ ला ‘रुबरू रोशनी’ ही डॉक्युमेंटरी पण केली, माफी या विषयावर, स्वाती चक्रवर्ती भटकळांची, आणि ती पण प्रजासत्ताक दिनाला सकाळी ११ ला लावली. ते ११ काही त्यांच्या डोक्यातून जात नाही.

मग चालला की पडला? माझ्या मार्किंगमध्ये दोन्ही उत्तरांना मार्क आहेत, पण ‘१३, ५, ६ म्हणून पडला’ एवढंच लिहिलं तर १० पैकी ४. ‘कायदे आणले म्हणून चालला’ लिहिलं तर ३, कारण तारखा तपासल्या नाहीत.

गेल्या वर्षीच्या बॅचला केस द्यायच्या आधी मी सहज विचारलं, सत्यमेव जयते म्हटलं की काय आठवतं. ही पोरं २०१२ मध्ये बालवाडीत नाहीतर पहिली-दुसरीत. एकजण म्हणाला नोटेवर असतं. एकीने जॉन अब्राहमचा सिनेमा सांगितला, बाकीचे हसले. मागच्या बाकावर बार्शीकडचा एक पोरगा बसतो, फार बोलत नाही, तो म्हणाला, “सर, ते पाण्याचं ना? आमची आजी जायची खणायला.” मी म्हटलं, टीव्हीवर आमिर खानचा शो होता तो. तो म्हणाला, “हो का? टीव्हीवर पण होतं?”